कानखडा

या सदरातले अनुभव मी दोन-अडीच वर्षं वाचते आहे आणि त्यातल्या एकावरही माझा विश्वास बसलेला नाही. घाटात गाडीला हात करणारी बाई, रिकाम्या खोलीतली पैंजणं… वाचते आणि पान उलटते. आमचं घर धम्मातलं. बावीस प्रतिज्ञा वडिलांनी आम्हा दोघा भावंडांना पाढ्यांच्याही आधी शिकवल्या. घरात देव्हारा नाही, दाराला लिंबू-मिरची नाही, अमावस्या बघून कुठलं काम अडलं नाही. एकतीस वर्षं शाळेत मराठी शिकवलं आणि भुताच्या गोष्टी सांगणाऱ्या मुलींना 'पुरावा?' एवढा एकच शब्द विचारला.

तेव्हा मी बदलले, मानायला लागले, असं कुणी समजू नये. घडलं म्हणून लिहिते आहे. ज्यांना हसायचं त्यांनी हसावं. हात मात्र कुणी जोडू नयेत — मला त्याचा जास्त त्रास होतो.

माझा धाकटा भाऊ निरंजन. घरात निरू. तो आमच्या शहरातल्या बसस्थानकावर चौकशीच्या खिडकीत होता, माईकवर. तेव्हा स्थानकावर औरंगाबादची पाटी होती. आता छत्रपती संभाजीनगर आहे, पण हे नवं नाव त्याला कधी पुकारायला मिळालं नाही. "फलाट क्रमांक सातवर लागलेली गाडी फुलंब्रीमार्गे सिल्लोडला जाईल" — हे वाक्य त्याच्या तोंडून ऐकलेली माणसं मला आजही भाजीबाजारात भेटतात. चेहरा त्यांना आठवत नाही, आवाज आठवतो.

त्याच आवाजाच्या जागी गाठ झाली. तंबाखू नव्हती, सुपारी नव्हती. डॉक्टरांनी स्वरयंत्र काढलं. ज्यांना माहीत नसेल त्यांच्यासाठी सांगते, कारण पुढे याला महत्त्व आहे : या ऑपरेशननंतर माणूस नाका-तोंडाने श्वास घेत नाही. गळ्याच्या खाली एक छिद्र ठेवतात, श्वास तिथून येतो, तिथूनच जातो. तोंड हलतं, जीभ हलते, ओठ हलतात — पण छातीतली हवा तोंडापर्यंत पोचत नाही. निरू मेणबत्तीसुद्धा विझवू शकत नव्हता. आणि त्या छिद्रात पाण्याचा थेंबही जाता कामा नये, नाहीतर पाणी थेट फुप्फुसात. म्हणून डॉक्टरांनी दोन गोष्टींना सक्त मनाई केली होती — जड उचलणं आणि पाण्याशी खेळणं.

आम्ही दोघंच. त्याने लग्न केलं नाही, माझे यजमान लवकर गेले. सिडकोत आमचं छोटं घर आहे. ती दुष्काळाची वर्षं होती. जायकवाडीत मृतसाठा, पाचव्या दिवशी येणारा नळ आठव्या दिवसावर गेलेला, आणि तरी शहर थांबायला तयार नव्हतं. आमच्या शेजारचं बैठं घर पाडून तिथे चार मजली इमारत उठत होती. पार्किंगसाठी खोल खणत होते. खाली काळा पाषाण, त्यावर दिवसभर ब्रेकर चालायचा. कपबशा थरथरायच्या. सगळी गल्ली वैतागलेली; एकटा निरू सज्जात खुर्ची टाकून बघत बसायचा. पाटीवर त्याने मला लिहून दाखवलं होतं : "एवढा आवाज फुकट चाललाय, निदान बघून तरी घेऊ."

शाळेतली साधी दगडी पाटी आणि पेन्सिल — त्याचं बोलणं त्यावर चालायचं. घाई असली की नुसते ओठ हलवायचा, मी वाचायची. मला बऱ्यापैकी जमत होतं, असं मी समजत होते.

एका दुपारी ब्रेकरखाली एक पोकळ दगड फुटला. आपल्याकडच्या खडकात अशा पोकळ्या असतात, आत गारगोटीचे स्फटिक. वेरुळला पर्यटकांना विकतात तसे. मशीनवरच्या माणसाने खालूनच हाक मारली, "चाचा! ये लेव. अंदर से पूरा काच हई, देखो तो."

निरूने हात हलवून नको म्हटलं.

"नक्को कैसा बोलते? रोज बैठ के हमारा काम देखते, इत्ता तो लेव! हमारे मुकादम भी नै देखते उत्ता." आणि तो स्वतः जिना चढून आला, लिंबापेक्षा लहान असा एक खडा निरूच्या तळहातावर ठेवून गेला. पांढरट, पण उजेडात धरला की आतून किंचित हिरवा.

निरू तेव्हा एक गोष्ट लिहीत होता. दोनशे पानी वह्या, तीन भरल्या होत्या. एक काल्पनिक मुलूख — नाव 'मूकखेड'. (नांदेडकडे मुखेड आहे, तसं हे मूकखेड, असा त्याचा विनोद.) त्या मुलखात आवाजाचा दुष्काळ पडलेला असतो. आवाजाची विहीर आटलेली. आवाज आठव्या दिवशी येतो, घागरी-कळश्यांतून भरून ठेवायचा आणि पुरवून वापरायचा. पाहुणा आला की लोक घसा झाकून बसतात. विहिरीच्या काठावर एक स्फटिक असतो. आवाज मागायला आलेल्या माणसाने त्याच्यासमोर आपली गरज मुक्यानेच सांगायची. गरज खरी असेल तर स्फटिक वाजतो, आणि पहारेकरी घागर भरून देतो. खोटी असेल तर गप्प. या स्फटिकाला निरूने नाव दिलं 'कानखडा'. "आपण कानाला खडा लावतो ना," त्याने लिहिलं, "हा खड्याला कान लावलेला."

शेजारून आलेला खडाही मग कानखडाच झाला. सज्जाच्या खिडकीत ठेवलेला असायचा.

पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मी तांदूळ निवडत होते. ब्रेकर जेवणाच्या सुट्टीत बंद. निरू सज्जात बसून ओठ हलवत होता — सवयीने गाड्या पुकारायचा तो, मनातल्या मनात. आणि खिडकीतून आवाज आला. पितळी वाटीच्या काठाला नख लागावं तसा. बारीक, स्वच्छ. थांबला. पुन्हा आला. मी ताट खाली ठेवून बाहेर गेले. निरू खड्याकडे बघत होता, मी त्याच्याकडे. त्याने माझ्याकडे न बघताच ओठ हलवले — "पैठण". खडा वाजला. "गंगापूर." गप्प. "खुलताबाद." वाजला.

मी आत जाऊन पाणी प्यायले. नंतर माझ्या शाळेतल्या कदम सरांना फोन केला. सर भौतिकशास्त्र शिकवायचे, निवृत्तीनंतरही त्यांच्या पिशवीत भिंग आणि पक्कड असते. ते आले आणि आधी हसले.

"मॅडम, रेझोनन्स असेल. त्यात एवढं काय? एखाद्या ठरावीक कंपनाला प्रतिसाद देत असेल."

"पण सर, निरूला कंपनच नाही."

सरांनी ट्यूनिंग फोर्क आणले, शिट्टी वाजवली, शेजारच्या वहिनींची बाजाची पेटी मागून आणली, कुकरच्या तीन शिट्ट्या होऊ दिल्या. दुसऱ्या दिवशी ब्रेकर अगदी शेजारी चालू होता. खडा गप्प. मी बोलले, सर बोलले, सरांनी तर एक भावगीत म्हटलं… गप्प. निरूने मुक्याने 'चहा' म्हटलं आणि तो वाजला.

"ओठांचा फटका बसत असेल हवेला," सर म्हणाले. मग त्यांनी स्वतःच परीक्षा घेतली. सज्जाचं काचेचं दार बंद. खडा आत, सरांच्या मुठीत. निरू बाहेर, आमच्याकडे पाठ करून. त्याने दहा शब्द म्हणायचे, प्रत्येक शब्दाला एक बोट वर करायचं आणि शेवटी ते शब्द पाटीवर लिहायचे. तो बोट वर करत गेला. मुठीत खडा वाजला — तिसऱ्या, चौथ्या, सातव्या आणि नवव्या बोटाला. निरूने पाटी आणून दाखवली. सगळी गाड्यांची गावं. वाजलेली : पैठण, सिल्लोड, फुलंब्री, खुलताबाद. न वाजलेली : गंगापूर, वैजापूर, जालना, कन्नड, बिडकीन, अंबड.

सरांनी चष्मा काढून पुसला. "मॅडम, हे मला माहीत नाही," एवढंच म्हणाले. त्यांच्याविषयी मला तेव्हापासून जास्त आदर आहे.

मी मास्तरीण, मी वही घातली. दोन रकाने — 'वाजला' आणि 'नाही'. तीन आठवड्यांत सत्तरेक शब्द झाले. भाकरी, घर, झोप, शाळा, दूध — वाजला. वरण, पाणी, गोळी, डॉक्टर, बटाटा — नाही. साखर आणि थालीपीठ या शब्दांना तर दोन-दोनदा वाजला. "भूक दुप्पट," निरूने लिहिलं. 'आई'ला वाजला नाही. 'ताई'लाही नाही. मला हसू आलं, पण लागलंही. निरूने डोळे मिचकावून पाटी पुढे केली : "त्याला तू आवडत नाहीस. मला चालतेस."

नियम त्यानेच काढला. त्याच्या गोष्टीतलाच — जे खरंच हवं असतं त्याला वाजतो. बसायचंही ते. डॉक्टर कुणाला हवा असतो? गोळी कुणाला? पैठणला त्याची पहिली नेमणूक होती, खुलताबादला आमचं आजोळ.

"आणि फुलंब्रीला काय आहे रे?"

"एक होती," त्याने लिहिलं आणि लगेच पुसलं.

आम्ही हसलो. नियम पक्का झाला. पुस्तकात लिहिलेलं खरं मानायची मला जन्माची खोड आहे, आणि इथे तर पुस्तक भावाचंच.

आता त्या दिवसाविषयी. हे लिहायला मला सर्वात जास्त वेळ लागला.

आदल्या दिवशी तपासणीचा रिपोर्ट आला होता. आजार परतला होता, फुप्फुसात. निरूने रिपोर्ट वाचला, घडी घालून पाकिटात ठेवला आणि त्या दिवशी जेवला नाही. दुसऱ्या दिवशी आमचा नळ होता, आठ दिवसांनी. दुपारी तीनच्या सुमाराला गल्लीत आरोळी उठली, "नळ आले! नळ आले!" दाब इतका कमी की नळ अंगणातल्या खड्ड्यात उतरवलेला; खड्ड्यात वाकून कळशी भरायची, वर द्यायची, कुणीतरी ती टाकीत ओतायची. हे काम पूर्वी निरूचं होतं. आल्यागेल्याशी गप्पा मारत, गाड्या पुकारत भरायचा. वर्षभर ते मी करत होते. त्या दिवशी मदतीला बिडकीनहून आमचा मावसभाऊ सुभाष आला होता. सुभाष चळवळीतला, गावोगाव अंधश्रद्धेवर भाषणं देणारा. आमच्या खड्याची तो यथेच्छ टिंगल करायचा.

मी खड्ड्यात, सुभाष वर. निरू पायरीवर येऊन उभा राहिला. गळ्याला रुमाल, शर्टाच्या खिशात खडा. त्याने वाकून माझ्या खांद्याला हात लावला. मी वर बघितलं. त्याचा चेहरा रडवेला, चिडलेला, अजीजी केल्यासारखा — सगळं एकदम. पाटी वर सज्जात राहिलेली. त्याने ओठ हलवले.

मला मरू दे.

आणि खिशात खडा वाजला. एकदाच, अगदी स्पष्ट.

माझ्या हातून कळशी सुटली. मी ओरडलेच, "असलं काही परत तोंडातून काढायचं नाही! डॉक्टरांना काय कबूल केलंय आपण?" तो माझ्याकडे बघत राहिला. मग खांदे उडवले, वर गेला. थोड्या वेळाने मी ओल्या हातांनी वर गेले, तर पाटीवर लिहिलेलं होतं : "बरं. तू म्हणशील तसं."

त्या विषयावर आम्ही पुन्हा कधीच बोललो नाही. मला भीती वाटली की मी विचारलं तर तो पुन्हा तेच म्हणेल, आणि तो पुन्हा वाजेल.

तीन महिन्यांनी, कोरड्या श्रावणात, त्याला न्युमोनिया झाला. शुद्ध नव्हती. अतिदक्षता विभागाच्या बाहेर डॉक्टरांनी विचारलं — व्हेंटिलेटरवर ठेवायचं का? कदाचित यातून निघतील, कदाचित नाही. निघाले तरी चारेक महिनेच. ठरवा. सुभाष माझ्या शेजारी उभा होता. मी त्याच्याकडे बघितलं, त्याने मान खाली घातली. मी डॉक्टरांना म्हणाले, "नको. त्याची इच्छा नव्हती."

दुसऱ्या दिवशी सकाळी निरू गेला.

पुण्यानुमोदनाला घर भरलं होतं. वंदना झाली, लोक दोन-दोन शब्द बोलले. बाजूच्या वहिनी खिडकीतल्या खड्याला हात जोडून म्हणाल्या, "मॅडम, स्फटिक आहे हो, असा उघड्यावर नका ठेवू. माझ्या देवघरात ठेवते हवं तर." मी नको म्हटलं. त्यावर सुभाष सगळ्यांसमोर भडकला.

"ताई, फेकून दे ते! पोरींना पुरावा विचारायची न् घरात दगड बोलायलाय म्हनतीस? लोकं हसायलेत आपल्याला!"

"मी कधी म्हटलं बोलतो? वाजायचा, एवढंच म्हटलं. आणि तो फेकणार नाही."

"लई हट्टी हायस तू."

"हो."

तो न जेवता गेला. खड्यावर एवढा राग कशासाठी, हे मला तेव्हा कळलं नाही.

पुढचे चार महिने कसे गेले ते लिहीत नाही. 'त्याची इच्छा नव्हती' या तीन शब्दांवर मी टेकून होते. त्याने मागितलं, मी तेव्हा दिलं नाही, शेवटी दिलं. हे वाईट होतं, पण हिशोबात बसत होतं.

हिवाळ्यात एका सकाळी मी शब्दांची वही काढली. पेन्सिलीने लिहिलेली, पुसट व्हायला लागली होती. शाईने उतरवून ठेवावी म्हणून. रडू येत होतं म्हणून तोंडावर हात धरला होता आणि एकेक शब्द मोठ्याने वाचत उतरवत होते. भाकरी. घर. झोप. खुलताबाद. पैठण… मग दुसरा रकाना. वरण. पाणी. गोळी. गंगापूर. जालना…

आणि तळहाताला काहीतरी वेगळं जाणवलं. म्हणजे, जाणवायचं थांबलं.

ज्यांनी शाळेत व्याकरण शिकवलं आहे त्यांना हा हात माहीत आहे. तोंडासमोर तळहात धरून 'क' म्हणा, मग 'ख' म्हणा. 'क'ला हवा लागत नाही, 'ख'ला झोत लागतो. अशीच शिकवतात अल्पप्राण आणि महाप्राण व्यंजनं. एकतीस वर्षं मी पोरींचे तळहात त्यांच्या तोंडासमोर धरायला लावले. ख घ छ झ, ठ ढ थ ध, फ भ, आणि श ष स ह — चौदा महाप्राण. मी वही पुन्हा पहिल्यापासून वाचली, बोटाने एकेक अक्षर धरून. 'वाजला'च्या रकान्यात असा एकही शब्द नव्हता ज्यात महाप्राण नाही. 'नाही'च्या रकान्यात असा एकही नव्हता ज्यात महाप्राण आहे. 'साखर' — दोन, दोनदा वाजला. 'थालीपीठ' — दोन. 'ताई'त एकही नाही. 'आई'त नाही.

इच्छेचा काही संबंध नव्हता. फुलंब्रीची ती कोण होती तिचाही नव्हता. ज्या माणसाच्या तोंडात प्राण पोचतच नव्हता, त्याचा महाप्राण हा दगड ऐकत होता. बंद काचेतून, पाठमोऱ्या माणसाचा.

एवढ्यावर मी थांबले असते तर बरं झालं असतं. पण हात आपोआप पुढे गेला. वहीच्या कोऱ्या पानावर मी लिहिलं : मला मरू दे. म, ल, म, र, द. बोट सरकवत गेले. एकही महाप्राण नाही. या वाक्याला खडा वाजूच शकत नव्हता.

पण तो वाजला होता. एकदा.

प, फ, ब, भ, म. पाचही ओठांवरची अक्षरं. आवाज काढून घेतला तर ओठांवर पाचही सारखीच दिसतात. हेही मी एकतीस वर्षं शिकवलं. मी पेन्सिल उचलली आणि 'मरू'तला 'म' खोडून त्या जागी एकच वेगळं अक्षर लिहिलं.

मला भरू दे.

नळ आलेला. मी खड्ड्यात, वर्षभर त्याचं काम करत होते. आदल्या दिवशी त्याला कळलेलं की आपण आता फार नाही. आणि तो पायरीवर येऊन म्हणत होता, मला भरू दे. एकदा तरी. डॉक्टरांना काय कबूल केलंय, असं मी ओरडले ते त्याला अगदी बरोबर कळलं — पाण्याशी खेळायचं नाही. "बरं. तू म्हणशील तसं."

मी सुभाषला फोन लावला. चार महिन्यांत पहिल्यांदा.

"सुभाष, एक विचारते. खरं सांग. नळाच्या दिवशी निरू पायरीवर आला होता, तेव्हा खडा वाजला का?"

"जेवलीस का ताई तू?" तो म्हणाला.

"सुभाष."

"वाजला, ताई." आवाज बसलेला. "मी बी बघितलं तो काय म्हनला ते. मरू दे म्हनला. न् ते वाजलं. म्हनून तर दवाखान्यात मी गप बसलो… कशाला काढायलीस आता?"

मग मी त्याला सगळं सांगितलं. वही, तळहात, चौदा अक्षरं. तो शिकलेला माणूस आहे, दुसऱ्यांदा सांगावं लागलं नाही. त्याच्या श्वासाचा आवाज फोनमध्ये येत राहिला.

"म्हंजी त्याला…"

"पाणी भरायचं होतं."

मग जन्मभर बुवाबाजीविरुद्ध बोललेला माझा भाऊ म्हणाला, "ताई, दगडाला काय कळतंय? योगायोग असंल. मी बी चुकीचं ऐकलं असंल. दगडच होता म्हन ना ताई. दगडच होता."

तो हे कुणासाठी म्हणत होता ते मला कळलं. माझ्यासाठी, आणि स्वतःसाठीही. खडा नुसता दगड असेल, तर ते वाक्य काहीही असू शकतं. मग 'मरू दे'ही खरं असू शकतं, आणि मी डॉक्टरांना दिलेलं उत्तरही. शांत झोपता येईल.

"नाही म्हणणार," मी म्हणाले.

"डॉक्टर म्हनलेच होते, निघाला तरी चारच महिने."

"चार महिन्यांत किती नळ येतात, सुभाष?"

तो रडायला लागला. मी फोन धरून बसले. बंद केला नाही.

कदम सरांना वही दाखवली. त्यांनी दोन दिवस ठेवून घेतली, शब्द न् शब्द तपासला. "वर्गीकरण निर्दोष आहे," म्हणाले. "कारण मात्र सांगता येत नाही." खडा त्यांनी ओळखीच्या एका प्रयोगशाळेतही नेला; साधी गारगोटी निघाली, वेरुळच्या टपरीवर मिळते तशी. निरू गेल्यापासून तो एकदाही वाजलेला नाही. मी त्याच्यासमोर ओठ हलवून पाहिले, सगळी चौदा अक्षरं. माझ्या तोंडात श्वास आहे म्हणून असेल, किंवा दुसरं काही. मला माहीत नाही, आणि माहीत असल्याचं ढोंग मी करणार नाही. ज्यांना रेझोनन्स म्हणायचं त्यांनी काचेच्या दाराचं उत्तर द्यावं. ज्यांना चमत्कार म्हणायचा त्यांनी हे सांगावं की चमत्कार एवढा व्याकरणशुद्ध का होता आणि चार महिने उशिरा का कळला.

मला अनेकांनी समजावलं आहे की असलं धरून बसू नये. आजारी माणूस, निराशा येतेच, तो मरू दे असंच म्हणाला असणार. तुम्ही योग्य तेच केलंत. चांगली माणसं आहेत, प्रेमाने सांगतात. मी त्यांना चहा देते आणि नाही म्हणते. मी चुकले. भावाचे ओठ चुकीचे वाचले आणि त्या वाचनावर त्याचा श्वास थांबवायला हो म्हटलं. हे माझं आहे, मी ते वागवीन. पण माझी सुटका व्हावी म्हणून त्याच्या तोंडी मरण घालणार नाही. त्याने ते मागितलं नव्हतं.